दादाचा आवाज

"मागं! मृणाल, मागं बघ!" तौसिफ ओरडला तेव्हा मी आधीच मेले होते.

स्क्रीनवर माझं प्रेत जिन्याच्या पायथ्याशी आडवं पडलं होतं. ज्यानं मला मारलं तो लोखंडी जिना उतरून माझ्या पाठीमागून अगदी आरामात चालत आला होता. त्या खेळात लोखंडी जिन्यावर पाऊल पडलं की स्वयंपाकघरात भांडी पडावीत तसा आवाज होतो. मला त्यातलं काहीही ऐकू आलं नव्हतं. मला ऐकू येत होता तो फक्त धैर्यशीलदादा.

"काय चाललंय तुझं?" दादा हेडफोनमध्ये सुरूच होता. "मी काय सांगत होतो? डावीकडनं दाबा म्हणत होतो. डोकं थंड ठेवा म्हणत होतो. मी इथं बसून घसा फोडायलोय आणि तू मस्त पाठ दाखवून उभी!"

"मला पावलं ऐकू आली नाहीत, दादा."

"बाकीच्यांना येतात की! तौसिफला येतात, अवधूतला येतात, बाहुबलीला येतात. तुलाच बरी येत नाहीत? काय रे पोरांनो?"

मग तिघांचे आवाज एकामागून एक आले. "हो दादा." "हो दादा." "हो दादा."

हा प्रकार जयसिंगपुरात, आठव्या गल्लीत, शिरगाव्यांच्या खताच्या दुकानावरच्या माडीत चालायचा. खाली युरियाची पोती, वर गेमिंग कॅफे. जिना चढताना खताचा वास नाकात बसायचा आणि तो घरी जाऊन अंघोळ केली तरी जायचा नाही. हॉलमध्ये ओळीनं पीसी मांडलेले, आणि एका टोकाला काचेची केबिन. केबिनमध्ये एसी, गुबगुबीत खुर्ची, गावातला सगळ्यात भारी पीसी आणि त्याच्यासमोर शिरगाव्यांचा थोरला चिरंजीव धैर्यशील, म्हणजे आमचा कॅप्टन. आम्ही चौघं बाहेर, फिरत्या पंख्याखाली. मध्ये काच असल्यामुळं तो आमच्याशी बोलायचा ते व्हॉइस चॅटवरून. आम्हाला तो काचेतून दिसायचा आणि हेडफोनमध्ये ऐकू यायचा, मंडळाच्या गणपतीपुढच्या भोंग्यासारखा अखंड.

मंडळ हा शब्द उगीच आला नाही. दादा तालमीच्या मंडळात अध्यक्ष म्हणून वाढलेला माणूस. वर्गणी, मिरवणूक, फ्लेक्स यापलीकडं त्याला जगात दुसरी रचना माहीत नव्हती, त्यामुळं त्यानं पाच जणांची गेमिंग टीमसुद्धा मंडळासारखीच चालवायला घेतली. टीमचं नाव शिरगावे वॉरियर्स. एखादी बारीकशी मॅच जिंकली तरी चौकात फ्लेक्स लागायचा. त्यावर दादाचा गॉगल घातलेला, हनुवटीखाली हात ठेवलेला माणूसभर फोटो, आणि खाली आम्ही चौघं, पोस्टाच्या तिकिटाएवढे. वर मोठ्या अक्षरात 'दादांच्या आदेशावरून'. बंदुकांच्या खेळात आदेश देऊन कुणी जिंकत नाही, हे त्या फ्लेक्सवाल्यालाही कळत असणार.

आणि खेळायला म्हणाल तर दादा ठार बिनकामाचा. डाव सुरू झाला की सगळ्यात आधी तोच मरायचा. एरवी मेलेला खेळाडू निमूट बसतो, मित्रांच्या स्क्रीन बघत राहतो. दादा मेल्यावर खुलायचा. "अवधूत, मी सांगतो तसं कर. तौसिफ, छाती काढून जा. बाहू, माझ्यावर विश्वास ठेव." मेलेल्या माणसावर काय विश्वास ठेवायचा, हे कुणी विचारत नव्हतं. सगळे "हो दादा" म्हणायचे. मीही म्हणायचे. फरक एवढाच, की मी त्याचं ऐकून ते पुढं पोचवायचेही. "दादा म्हणतोय उजवीकडनं या," असं मी सांगायचे, आणि बाकीचे तिघं "हां, चला" म्हणून वळायचे. मला वाटायचं, माझ्या शब्दाला टीममध्ये वजन आहे.

त्या आठवड्यात मात्र माझंच टीममध्ये राहणं अवघड होऊन बसलं होतं. आम्ही राज्याच्या अंतिम फेरीत पोचलो होतो. फेरी पुण्यात, खऱ्या स्टेजवर, प्रेक्षकांसमोर होणार होती, आणि तिथं मोठ्या शहरांतल्या टीमांची माणसं नवे खेळाडू हेरायला येणार असं आयोजकांनी कळवलं होतं. माझ्यासाठी ती एकच खिडकी होती. बीकॉम संपत आलं होतं, मामा स्थळांचे फोटो पाठवायला लागले होते, आणि जयसिंगपुरात बसून मी कितीही नेम धरून मारलं तरी ते आठव्या गल्लीपलीकडं कुणाला दिसणार नव्हतं. मी त्या टीममधली सगळ्यात चांगली नेमबाज होते. हे मी फुशारकीनं सांगत नाही. आकडे तसं सांगायचे आणि दादाही चिडला नसला की तसंच म्हणायचा.

पण गेले काही दिवस मी पाठीमागून मरत होते. सारखी. समोरचा दिसला की मी त्याला सोडत नव्हते, पण मागून आलेला मला कधी कळायचाच नाही.

"रविवारी फ्लेक्स छापायला जाणार," त्या दिवशी दादानं केबिनचं दार उघडून, हेडफोन गळ्यात अडकवून जाहीर केलं. "तोवर तुझ्या कानाचं काय ते बघ. नाहीतर पृथ्वीराज येईल तुझ्या जागी. त्याचा फोटो मागवून ठेवलाय मी."

पृथ्वीराज हा दादाचा मामेभाऊ. त्याला माऊस कुठल्या हातात धरायचा एवढं येत होतं.

मग माझ्या कानाची दुरुस्ती सुरू झाली. दादानं आधी माझा हेडफोन बदलला. फरक पडला नाही. मग त्यानं हार्डवेअरवाल्या कुंभार सरांना बोलावलं. सर या जमातीबद्दल मला आदर आहे, पण कुंभार सरांना पीसीच्या सगळ्या रोगांवर एकच औषध माहीत होतं. प्रिंटर चालत नाही? फॉरमॅट. स्क्रीन निळी झाली? फॉरमॅट. त्यांनी माझा पीसी दुपारभर फॉरमॅट केला, सगळं नव्यानं घातलं, दादानं मागं उभं राहून व्हॉइस चॅट आपल्या हातानं पुन्हा लावून दिलं, आणि कुंभार सर खिशातला पेनड्राइव्ह चाचपत म्हणाले, "मशीन ओके हाय. आता प्रॉब्लेम आला तर युजरकडनं हाय."

संध्याकाळी मी पुन्हा पाठीमागून मेले. म्हणजे प्रॉब्लेम माझ्याकडनंच होता.

घरी आईला हे कळलं, आणि ती घाबरली ते वेगळ्याच कारणानं. मुलीला ऐकू कमी येतं अशी बातमी गावात पसरली तर मामांच्या फोटोंचं काय होणार? तिनं दुसऱ्याच दिवशी मला मिरजेला कानाच्या डॉक्टरकडं नेलं. त्यांनी मला गादी लावलेल्या खोलीत बसवलं, कानात बारीक बारीक सूर सोडले आणि ऐकू आलं की बटण दाबायला लावलं. बाहेर आल्यावर ते म्हणाले, "कान ठणठणीत आहेत. मुंगी चालली तरी ऐकू येईल. त्रास नक्की कधी होतो?"

"खेळताना."

"मग खेळू नकोस," डॉक्टर म्हणाले, आणि आईनं जगातलं सगळं शहाणपण त्या एका वाक्यात सापडल्यासारखी मान डोलवली.

दादाला मी हे सांगितलं तर तो हसला. "मिरजेचे डॉक्टर काय, कायपण सांगतात. मला पावलं पाहिजेत, पावलं." काचेपलीकडच्या तिघांकडं त्यानं बघितलं. ते आपापल्या स्क्रीनमध्ये डोकं घालून बसले होते. माझ्या बाजूनं एकानंही शब्द काढला नाही. मला वाटलं, बिचारे, दादापुढं काय बोलणार.

शनिवारी दुपारी कॅफे रिकामा असायचा. दादा घरी जेवायला जायचा आणि ताणून द्यायचा. टीमच्या पोरांना केव्हाही येऊन बसायची मुभा होती, म्हणून मी एकटीच जाऊन बसले. म्हटलं, कान माझे, खेळ माझा, बघू या तरी.

हेडफोन लावला, खेळ सुरू केला, आणि मला सगळं ऐकू आलं. लोखंडी जिना वाजला. पलीकडच्या खोलीतलं दार करकरलं. कुणीतरी दूर वाळूत चालत होतं, तेही आलं. मी डावामागून डाव खेळले आणि एकदाही पाठीमागून मेले नाही. मला रडूच यायला लागलं. म्हणजे एकटी असले की ऐकू येतं आणि टीममध्ये बसले की बहिरी! मला भूतबाधा झाली असं आईला सांगितलं असतं तर तिनं तेही मानलं असतं.

तेवढ्यात जिन्यावर चपला वाजल्या. ढेकर देत दादा आला, काचेच्या केबिनमध्ये जाऊन बसला, आणि मला बघून त्यानं माइक चालू केला.

"एकटीच? बरं, खेळ तू. मी सांगतो तसं खेळ."

आणि खेळ मुका झाला.

जिना गेला, दार गेलं, वाळू गेली. राहिला दादा. त्यानं श्वास घ्यायला तोंड मिटलं, की सगळे आवाज परत आले. पुन्हा बोलायला लागला, की परत गेले. मी माऊसवरचा हात काढला आणि नुसती ऐकत बसले. दादा बोलतोय, खेळ गप्प. दादा गप्प, खेळ बोलतोय.

आता मला त्याला बोलतं ठेवायला हवं होतं. दादाच्या बाबतीत ही काही अवघड गोष्ट नव्हती.

"दादा, तुमची ती सांगलीची मॅच कशी झाली होती?" मी विचारलं. "मी तेव्हा टीममध्ये नव्हते."

"सांगलीची?" दादाची खुर्ची मागं कलली. "अगं, ती मॅच म्हणजे काय विचारतीस! चौघं आमची पडलेली. मी एकटा..."

ती मॅच तो एकटा कसा जिंकला हे तो सांगत होता, आणि मी व्हॉइस चॅटची सगळी सेटिंगं एकेक करून उघडत होते. बऱ्याच खाली, कुणी सहसा जात नाही अशा जागी, ती पट्टी सापडली. कुणी बोलायला लागलं की बाकीच्या सगळ्या प्रोग्रॅमचा आवाज आपोआप किती उतरवायचा, हे ठरवणारी पट्टी. कुणीतरी ती ओढत ओढत पार शेवटच्या टोकाला नेऊन ठेवली होती. मी ती सुरुवातीला आणली. कानात दादाही राहिला आणि लोखंडी जिनाही वाजायला लागला. दोन्ही एकदम. सांगलीच्या मॅचमध्ये दादा तेव्हा खिडकीतून उडी मारत होता.

मी केबिनमध्ये धावत गेले. "दादा, सापडलं! माझ्या कानाचं काही नाही. तुम्ही बोलायला लागलात की हे सॉफ्टवेअर खेळाचा आवाज बंद करतं. एक पट्टी आहे, ती..."

"ती मीच लावलीय," दादा म्हणाला.

"तुम्ही?"

"सगळ्यांच्या पीसीवर. अंतिम फेरीत पोचलो त्याच दिवशी. कॅप्टन बोलायला लागल्यावर बाकीचे आवाज पाहिजेत कशाला? मंडळात मी माइक हातात घेतला की पहिल्यांदा डॉल्बी बंद करायला लावतो. शिस्त असती ती."

"पण दादा, पावलं ऐकू यायला हवीत ना!"

"माझा शब्द मोठा का पावलं मोठी?"

या प्रश्नाचं उत्तर कुठलाही शहाणा माणूस देऊ शकत नाही. पुढं मी बऱ्याच कॅप्टनांच्या हाताखाली खेळले, त्यात आडमुठे होते, रडके होते, एक तर खेळताना शेंगदाणे खायचा. पण आपला आवाज नीट जावा म्हणून आपलीच टीम बहिरी करून ठेवणारा दुसरा मला आजवर भेटला नाही.

दादा उठला, माझ्या पीसीपाशी आला, आणि आपल्या हातानं ती पट्टी परत शेवटच्या टोकाला नेऊन ठेवली. "माझ्या सेटिंगला हात लावायचा नाही. आणि एक सांग मला, सगळ्यांना हेच सेटिंग हाय. मग त्यांना बरं ऐकू येतंय? तौसिफ एकदा तरी मागनं मेलाय?"

दादाच्या आयुष्यात त्यानं विचारलेला हा एकमेव योग्य प्रश्न असावा.

तो फोनवर बोलत खाली दुकानात गेला, आणि मी तो प्रश्न घेऊन तौसिफच्या पीसीपुढं जाऊन बसले. पट्टी शेवटच्या टोकालाच होती. दादा खोटं बोलत नव्हता. मग मी चॅटमधल्या नावांची यादी उघडली. माझं नाव, अवधूतचं नाव, बाहुबलीचं नाव. आणि 'धैर्यशीलदादा' या नावापुढं बारीकशी लाल फुली.

तौसिफनं दादाचा आवाज बंद करून ठेवला होता.

मी अवधूतच्या पीसीवर गेले. लाल फुली. बाहुबलीच्या पीसीवर गेले. बाहुबली हा रोज मंदिरात जाऊन मगच कॅफेत येणारा, मुंगीसुद्धा न मारणारा मुलगा. त्याच्याही यादीत लाल फुली.

आधी मला हसूच फुटलं. दादा त्या एसीत बसून घसा फोडत होता, शिस्त लावत होता, छाती काढून जा म्हणत होता, आणि ते सगळं फक्त मला ऐकू येत होतं. मग हळूहळू हसू मावळलं. सगळं म्हणजे सगळंच मला ऐकू येत होतं. दादाचा प्रत्येक शब्द, रोजचा, सकाळसंध्याकाळ. त्यांच्या कानात दादा नव्हताच, त्यामुळं तो बोलला तरी त्यांचा खेळ दबत नव्हता. त्यांच्यातल्या कुणी तोंड उघडलं तरी "आला", "गेला" एवढंच, एका शब्दाचं. त्यांचा खेळ तेवढ्यापुरताच दबायचा. माझा दिवसभर दबलेला असायचा.

रविवारी सकाळी मी तौसिफला गाठलं. तो शिरगाव्यांच्याच गाळ्यात, खतांच्या दुकानाशेजारी, त्याच्या अब्बांच्या मोबाइल कव्हरच्या दुकानात बसला होता. मी सरळ विचारलं.

"बघितलंस होय," तो म्हणाला. तोंडावर जराही लाज नाही. कव्हरं पुसतच होता. "अगं, कोण ऐकणार त्याचं? डोकं फिरतंय. पहिल्या महिन्यातच बंद केला आम्ही."

"मग 'हो दादा' कधी म्हणायचं ते कसं कळतं?"

"काचेतनं दिसतंय की. तोंड हलायचं थांबलं की म्हणायचं." तो हसला. "सोप्पं हाय."

"मला का नाही सांगितलं?"

आता त्यानं पुसायचं थांबवलं. "तुला सांगून कसं चालंल? कुणीतरी ऐकणारं पाहिजे की. तो काय म्हणतोय ते आम्हाला कळणार कसं? सगळ्यांनीच बंद केलं असतं तर एका दिवसात पकडलो असतो. तू ऐकतीस, आम्हाला सांगतीस, बरं चाललं होतं."

म्हणजे माझ्या शब्दाला टीममध्ये वजन होतं ते हे. मी त्यांचा कान होते.

"मी टीममधनं बाहेर चाललेय, तौसिफ. त्या पट्टीमुळं. तुम्हाला माहीत होतं मला का ऐकू येत नाही ते?"

"पट्टीबिट्टी नव्हतं माहीत, आईशपथ. पण आम्ही त्याला बंद केलाय आणि तू नाही, एवढा फरक तर दिसतच होता."

"मग एकदा दादाला सांगायचं. एवढंच सांग, की तुम्हाला पावलं का ऐकू येतात."

"येडी हायस काय?" तौसिफनं आवाज खाली घेतला आणि पलीकडच्या खताच्या दुकानाकडं बघितलं. "अब्बांचा गाळा त्यांचाच हाय. आणि आम्हा तिघांना पण पुण्याला जायचंय. एकजण कमी झाला तर झाला. तुझं काय, उद्या लग्न होऊन जाशील तू."

त्याला हे बोलून काही विशेष बोललो असं वाटलंही नाही. त्यानं पुढचं कव्हर उचललं आणि पुसायला घेतलं. दादाची मला आजवर कीव तरी यायची. या माणसाची तीही आली नाही.

दुपारी सरावाला सगळे आपापल्या जागी होते. गल्लीतली इतर पोरंही दुसऱ्या पीसींवर बसली होती. दादानं मला केबिनमध्ये बोलावलं आणि दार लावून घेतलं.

"वाईट वाटून घेऊ नको," तो म्हणाला. "पृथ्वीराजचा फोटो आलाय. फ्लेक्सवाला संध्याकाळी येतोय. पुढच्या वेळी बघू तुझं."

मी भांडणार होते. आदल्या रात्री घोकून ठेवलेलं सगळं ओठांवर होतं. पण त्याच्याकडं बघितल्यावर कळलं की यातलं काही आत शिरणार नाही. या माणसाशी एकाच भाषेत बोलता येत होतं.

"मी जाते, दादा," मी म्हणाले. "फक्त जायच्या आधी एक करा. माइकवरून सगळ्यांना सांगा, ज्याला पुण्याला यायचंय त्यानं उभं राहायचं."

"ते कशाला?"

"तुमच्या एका शब्दावर टीम कशी उठते, ते एकदा बघायचंय मला."

दादाच्या चेहऱ्यावर जे समाधान पसरलं ते मी कधी विसरणार नाही. त्यानं शर्टाची कॉलर नीट केली. "जा, बस जागेवर," तो म्हणाला. "बघच आता."

मी बाहेर येऊन जागेवर बसले, हेडफोन लावला. काचेपलीकडं दादानं माइक तोंडाजवळ ओढला, सवयीनं "हॅलो, हॅलो, चेक" केलं आणि सुरुवात केली.

"मित्रांनो. आज आपल्या शिरगावे वॉरियर्सच्या इतिहासातला महत्त्वाचा दिवस हाय. पुणं आपली वाट बघतंय. ज्याला ज्याला माझ्यासोबत पुण्याला यायचंय, त्यानं आत्ताच्या आत्ता आपल्या जागेवर उभं राहायचं!"

मी उभी राहिले.

अवधूत गोळ्या झाडत होता. बाहुबली जांभई देत होता. तौसिफनं तिरक्या नजरेनं काचेकडं बघितलं, दादाचं तोंड हलायचं थांबलंय याची खात्री केली, आणि बसल्या जागी म्हणाला, "हो दादा."

"हो दादा," अवधूत म्हणाला.

"शंभर टक्के, दादा," बाहुबली म्हणाला.

दादानं तेच वाक्य पुन्हा म्हटलं, अधिक सावकाश. मग तिसऱ्यांदा, आणि त्या वेळी त्याचा आवाज शेवटाला चिरकला. तिन्ही वेळा तिघांनी होकार दिला आणि कुणीही खुर्चीवरून हललं नाही. मग दादा गप्प झाला. मी त्याला ओळखत असल्यापासून तो जागेपणी एवढा वेळ गप्प कधीच राहिला नव्हता. त्याचे डोळे एकेकाच्या पाठीवरून फिरत माझ्यापाशी येऊन थांबले.

"मृणाल," तो हळू म्हणाला. "ह्यांना मी ऐकू येत नाही?"

मी मान हलवली. नाही.

"कधीपासनं?"

मी नुसता हात उडवला. खूप दिवसांपासून.

"आणि तुला?"

मी हेडफोनवर बोट ठेवलं आणि मान डोलवली. सगळं ऐकू येतं. पहिल्यापासून.

मला वाटलं होतं, आता तो दार आपटून बाहेर येईल, खुर्च्या फेकेल, तिघांची गचांडी धरेल. मला ते बघायचं होतं, खोटं कशाला बोलू. पण दादानं एकदा हॉलमधल्या गल्लीतल्या पोरांकडं बघितलं. बाहेर आला असता तर संध्याकाळपर्यंत सगळ्या जयसिंगपुराला कळलं असतं, की शिरगाव्यांच्या धैर्यशीलचं त्याची स्वतःची टीम ऐकत नाही. तो जागचा उठला नाही. त्यानं केसांवरून हात फिरवला, आणि मग मला त्याच्या आवाजात काहीतरी ओलं ओलं ऐकू आलं.

"म्हणजे तू एकटीच," तो म्हणाला. "तू एकटीच ऐकत होतीस मला. इतके दिवस. मी तुलाच काढायला निघालो होतो गं."

त्याला अजूनही कळलेलं नव्हतं, की कुणी सांगितलं नाही म्हणून मी ऐकत होते. सांगितलं असतं तर पहिल्या महिन्यात फुली मारली असती, आणि सगळ्यात मोठी मारली असती. त्याला ती निष्ठा वाटली.

"तू येणार पुण्याला," तो म्हणाला. "फ्लेक्सवर माझ्या शेजारी फोटो तुझा, मोठा. पृथ्वीराज येईल ते ह्या तौसिफच्या जागी. सगळ्यात आधी 'हो दादा' म्हणतोय भाडखाऊ. बाकीच्या दोघांचं पुण्याहून आल्यावर बघतो. आणि हे कुणाला बोलायचं नाही. कळलं?"

"बरं," मी म्हणाले.

मग मी नावांची यादी उघडली, 'धैर्यशीलदादा' वर गेले आणि फुली मारली. काचेपलीकडं तो बोलतच राहिला. हात छातीवर ठेवून, मान हलवत, बहुतेक माझ्या निष्ठेबद्दलच. माझ्या कानात खेळ पूर्ण आवाजात वाजत होता.

तौसिफनं एका कानावरचा हेडफोन बाजूला केला आणि माझ्याकडं वळला. "काय गं, उभी का राहिलीस? काय म्हणाला तो?"

मी त्याच्याकडं बघितलं.

"काही नाही," मी म्हणाले. "नेहमीचंच."

"मग बस की खाली," तो म्हणाला, आणि त्यानं हेडफोन परत कानाला लावला.